वाचकांचे प्रश्न : कोरियातील गोठलेल्या नदीवर एक दिवस

प्रश्न : माझे पती कंपनीच्या कामासाठी सहा महिने दक्षिण कोरियातील सुवॉन येथे आहेत. जानेवारीत मी, पंधरा वर्षांची मुलगी, सात वर्षांचा मुलगा आणि सासूबाई असे चौघे पंधरा दिवसांसाठी तिकडे जाणार आहोत. गोठलेल्या नदीच्या बर्फाला भोक पाडून मासे पकडण्याचा उत्सव पाहायचाच, असा मुलांचा हट्ट आहे. सोलहून सकाळी निघून रात्री परत येता येईल का, आणि कोणता उत्सव निवडावा? सासूबाई माळकरी आहेत. त्या दिवशी त्यांचे कसे होईल, याचीच मला अधिक चिंता वाटते.
— एक वाचक, विश्रामबाग, सांगली

उत्तर : हा प्रवास एका दिवसात निश्चित होतो. मात्र तो सुखाचा होतो की दगदगीचा, हे उत्सव किती प्रसिद्ध आहे यापेक्षा प्रत्यक्ष बर्फावर आपल्याला किती वेळ मिळतो यावर ठरते.

सर्वांत नावाजलेला उत्सव ह्वाचॉनचा. उत्तर कोरियाच्या सीमेजवळ, गांगवॉन प्रांतातील डोंगरांत वसलेल्या या लहानशा तालुक्याची वस्ती पंचवीस हजारांच्या आसपास आहे आणि जानेवारीतील सुमारे तीन आठवड्यांत तेथे दहा लाखांहून अधिक लोक येऊन जातात. उत्सवाची सुरुवात 2003 मध्ये झाली. येथील मासा ‘सान्चॉनो’, म्हणजे शब्दशः डोंगर-ओढ्यातील मासा. प्रौढांचे शुल्क अलीकडे सुमारे 15,000 वॉन, म्हणजे साधारण नऊशे रुपये असते आणि त्यातील काही रक्कम गावातील दुकानांत खर्च करण्याच्या कुपनांच्या रूपाने परत मिळते. परदेशी पाहुण्यांसाठी बर्फावर वेगळी जागा राखलेली असते, एका माणसाला तीनच मासे नेता येतात आणि पकडलेला मासा तिथल्या तिथे भाजून देण्याची सोय आहे. संध्याकाळी गावातील रस्त्यावर माशांच्या आकाराचे हजारो कागदी कंदील उजळतात, तो देखावा मुलांना फार आवडतो.

असे असूनही आपल्या कुटुंबाला मी ह्वाचॉन सुचवणार नाही. तेथे रेल्वे जात नाही. सोलहून बसने किंवा मोटारीने एका बाजूला दोन ते अडीच तास लागतात आणि सुटीच्या दिवशी त्याहून अधिक. मी स्वतः कुटुंबासह तेथे गेले होते, तेव्हा एका सहल कंपनीची बस घेतली होती. त्या एका दिवसात ‘नामी’ नावाचे बेट, स्ट्रॉबेरीचा मळा आणि मासेमारी अशी तीन ठिकाणे कोंबलेली होती. परिणामी बर्फावर आम्हाला जेमतेम दीड तास मिळाला, आणि माझ्या मुलाला गळ हलवण्याची लय नुकतीच सापडली होती तेवढ्यात बसची वेळ झाली. तो परतीच्या वाटेवर किती वेळ रडत होता, हे मी विसरलेले नाही. स्ट्रॉबेरी तोडण्यासाठी सातारा-सांगलीच्या माणसाने कोरियात वेळ का खर्चावा, हा प्रश्न मला तेव्हाही पडला होता. ती आपल्याला महाबळेश्वर-पाचगणीला मनसोक्त मिळते.

म्हणून आपण प्योंगचांगचा ट्राउट उत्सव निवडावा. 2018 चे हिवाळी ऑलिंपिक झाले तेच हे प्योंगचांग. त्या स्पर्धेसाठी 2017 च्या अखेरीस सुरू झालेली वेगवान रेल्वे सोलहून जिन्बू स्थानकापर्यंत पावणेदोन तासांच्या आसपास पोहोचवते आणि ओदेचॉन नदीवरील उत्सवाचे मैदान स्थानकापासून टॅक्सीने काही मिनिटांवर आहे. शनिवार-रविवारची तिकिटे लवकर संपतात, शिवाय जानेवारीत कोरियातील शाळांना हिवाळी सुटी असते, त्यामुळे मधल्या वारी जावे आणि परतीचे तिकीटही आधीच काढून ठेवावे. येथे सोंगो, म्हणजे ट्राउट, पकडतात. कोरियात इंद्रधनुषी ट्राउटची शेती 1965 मध्ये याच प्योंगचांगमध्ये सुरू झाली, तेव्हा या माशाचे आणि या गावाचे नाते केवळ उत्सवापुरते नाही. बर्फावर तंबू लावून त्यात बसून मासेमारी करण्याची सोयही येथे आहे. तिचे आरक्षण आधी करावे लागते, पण लहान मुलगा बरोबर असताना वाऱ्यापासून मिळणारा आडोसा त्या पैशांचे पुरेपूर मोल देतो.

आता सासूबाईंविषयी. त्यांना चार तास बर्फावर बसवून ठेवू नये. जिन्बूहून थोड्याच अंतरावर ओदेसान पर्वताच्या पायथ्याशी वोल्जोंगसा हे बौद्ध मंदिर आहे. त्याची स्थापना 643 मध्ये झाली असे मानतात. त्याच्या आवारात नऊ मजल्यांचा अष्टकोनी दगडी स्तूप आहे आणि मंदिराकडे जाणारी सुमारे एक किलोमीटरची सपाट वाट उंच फर वृक्षांच्या दाट राईतून जाते. आपले पती मुलांसह नदीवर थांबतील तेव्हा आपण सासूबाईंना घेऊन टॅक्सीने तेथे जावे. हे सहलीत आणखी एक ठिकाण कोंबणे नव्हे, कारण हे एकाच खोऱ्यात आहे आणि मुलांच्या वेळेतील एक मिनिटही त्यासाठी जात नाही. शिवाय मंदिराच्या परिसरातील खानावळींत रानभाज्या घातलेला भात मिळतो, ज्याला ‘सान्चे बिबिम्बाप’ म्हणतात. अंडे आणि मांस नको असे सांगून तो मागवावा. किमचीत बहुधा खारवलेल्या माशांचा रस असतो आणि सूप पुष्कळदा सुक्या मासळीच्या पाण्यात केलेले असते, म्हणून माळकरी माणसाने या दोन्ही गोष्टी टाळाव्यात. रस्त्यावर मिळणारे भाजलेले रताळे आणि गूळसाखर भरलेली ‘होत्तोक’ नावाची गरम पोळी चालण्यासारखी आहे. माशाच्या आकाराचा एक गोड पदार्थही दिसेल. त्यात मासा नसून लाल कडधान्याचे पुरण असते, तरी पिठात अंडे आहे का, हे विचारून घ्यावे. घरून दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी न्यावी. मांसाचे पदार्थ व ताजी फळे मात्र कोरियाच्या विमानतळावर अडवली जातात.

थंडीचा अंदाज बांधताना वेण्णा तलावाकाठी पहाटे दिसणारे हिमकण डोळ्यांसमोर ठेवू नयेत. प्योंगचांगला रात्रीचे तापमान उणे दहा-पंधरापर्यंत उतरते आणि भर दुपारीही पुष्कळदा शून्याच्या खालीच राहते. आतून अंगाला चिकटणारे उबदार कपडे, त्यावर लोकर, त्यावर वारा अडवणारे जाकीट, पाणी न शिरणारे बूट आणि पिशवीत मोज्यांचा एक कोरडा जोड हवाच. तळहातात धरण्याच्या गरम पुड्या तेथील कोणत्याही छोट्या दुकानात मिळतात. मी आटपाडीकडची एक घोंगडी घडी करून नेली होती आणि बसण्याच्या स्टुलावर ती टाकल्यामुळे जो फरक पडला तो महागड्या जाकिटानेही पडला नसता. सूर्य साडेपाचच्या सुमारास मावळतो, म्हणून सकाळची पहिली गाडी पकडावी. व्हिसा भारतीयांना आधीच काढावा लागतो, ते काम डिसेंबरवर ढकलू नये.

प्रश्न : कराडला कृष्णा-कोयनेच्या प्रीतिसंगमावर लहानपण गेलेल्या माणसाला नदीवर हजारो माणसे बसतात ही कल्पनाच भीतिदायक वाटते. बर्फ फुटत नाही का? आणि वर सगळे गोठलेले असताना खाली मासे जिवंत कसे राहतात?
— एक वाचक, कराड

उत्तर : दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर दहावीच्या विज्ञानाच्या पुस्तकात ‘पाण्याचे असंगत आचरण’ या नावाने आहे. बहुतेक द्रव थंड होताना आकुंचन पावत जातात. पाणी मात्र 4 अंश सेल्सिअसपर्यंतच आकुंचन पावते आणि त्याखाली पुन्हा प्रसरण पावू लागते. त्यामुळे 4 अंशांचे जड पाणी तळाशी बसते, त्याहून थंड पाणी वर राहते आणि गोठण्याची सुरुवात पृष्ठभागापासून होते. बर्फ हलका असल्याने तरंगतो आणि एकदा त्याची साय धरली की तोच खालच्या पाण्याला थंड हवेपासून झाकून ठेवतो. सांगलीच्या ताईंच्या मुलीने ही आकृती परीक्षेसाठी काढली असेलच. तिने बर्फाच्या भोकातून खाली पाहावे, तीच आकृती तेथे प्रत्यक्ष दिसेल. मासे बहुधा तळाजवळ असतात, म्हणून गळ आधी तळापर्यंत सोडायचा, मग वीतभर वर घेऊन मनगटाने हलका झटका देत राहायचे. आपल्याकडे गांडूळ किंवा कणकेची गोळी लावून गळ स्थिर धरतात, त्या सवयीने तेथे काही हाती लागत नाही, कारण तेथील आमिष चकाकणारे आणि खोटे असते. ते हलले तरच माशाला जिवंत वाटते.

बर्फाची भीती रास्त आहे आणि आयोजकही ती मनात धरूनच काम करतात. एका माणसाचे वजन पेलायला 10 सेंटिमीटर स्वच्छ, अखंड बर्फ पुरतो, असे थंड प्रदेशांत मानतात. ह्वाचॉनला गर्दीसाठी किमान 20 सेंटिमीटर जाडी पाहिली जाते, भोके एकमेकांपासून अंतर राखून पाडली जातात आणि पाणबुडे खाली उतरून बर्फाची तपासणी करतात. बर्फातून मधूनच कडकड असा आवाज येतो. बहुतेक वेळा तो तापमान बदलल्याने बर्फ ताणला-आवळला गेल्याचा असतो. पांढरट, बर्फवृष्टी मुरून झालेला बर्फ मात्र काचेसारख्या स्वच्छ बर्फापेक्षा पुष्कळ कमजोर असतो. उत्सवाच्या मैदानाबाहेरची एखादी गोठलेली नदी कितीही भक्कम दिसली, तरी मुलांना तिच्यावर पाऊल ठेवू देऊ नये.

हिवाळे उबदार होत चालल्याने बर्फच न धरण्याचे प्रसंगही येतात. 2020 मध्ये ऊब आणि पाऊस यांमुळे ह्वाचॉनचा उत्सव दोनदा पुढे ढकलावा लागला. इंजे येथे सोयांग धरणाच्या जलाशयावर भरणारा बोटभर लांबीच्या बिंगो माशांचा उत्सव तर जुना आणि देखणा, पण खोल जलाशय गोठायला अधिक थंडी लागत असल्याने त्याचा भरवसा त्याहून कमी. तिकिटे काढल्यावरही निघण्याच्या दोन दिवस आधी बर्फाची स्थिती विचारून घ्यावी आणि पंधरा दिवसांच्या मुक्कामात एक पर्यायी दिवस मोकळा ठेवावा.

प्रश्न : ओढ्यातले मासे इतक्या माणसांनी पकडले तर ओढ्यात उरते काय? हातांनी मासे पकडण्याच्या खेळाची चित्रफीत पाहून मला वाईट वाटले. मुलांना हे दाखवावे का?
— एक वाचक, वाई

उत्तर : ओढा रिकामा होत नाही, कारण हे मासे मुळात त्या ओढ्यातले नसतातच. सान्चॉनो हा कोरियाच्या पूर्व किनाऱ्याकडे वाहणाऱ्या नद्यांमधला मासा. ह्वाचॉनचे पाणी पश्चिमेकडे, हान नदीच्या खोऱ्यात जाते. मत्स्यशेतीत वाढवलेले मासे आणून उत्सवाच्या काळात रोज पाण्यात सोडले जातात. आपल्याकडे तळ्यात राहू-कटला वाढवून काढतात, त्याच्याशी याचे नाते अधिक जवळचे आहे.

आपल्याला वाटलेले वाईट मात्र मी खोडून काढणार नाही. कोरियातील प्राणिमित्र संघटनांनीही 2020 मध्ये याविरुद्ध तक्रार केली होती. तेथील प्राणिसंरक्षण कायदा खाण्यासाठीच्या माशांना लागू होत नाही, या कारणावरून ती निकाली निघाली. गळाने मासा पकडून तो खाणे आणि उथळ हौदात शेकडो माशांच्या मागे धावून त्यांना कपड्यांत कोंबणे, यांत मला फरक वाटतो. म्हणून आम्ही त्या हौदाकडे गेलो नाही. सात वर्षांच्या मुलाला शून्याजवळच्या पाण्यात उतरवणे त्याच्या प्रकृतीलाही मानवणारे नाही. मुलांना गळ द्यावा, मासा लागला तर त्याला बर्फावर तडफडत ठेवू नये आणि तो लगेच कसा मारावा हे तेथील कर्मचाऱ्यांकडून मोठ्यांनी शिकून घ्यावे. जेवढे खाल्ले जाईल तेवढेच पकडावे. आमच्या चौघांना दोन मासे पुरले, आणि उरलेला वेळ मुलांनी बर्फावरच्या घसरगाडीवर घालवला.