स्मारकावर नाव कोणाचं?

प्रश्न : आमच्या गावात (ता. कोरेगाव, जि. सातारा) एसटी स्टँडसमोर सैनिकांचं स्मारक होतंय. समिती म्हणते, फक्त शहिदांची नावं कोरायची. माझे वडील नोकरीत असतानाच १९७१ साली लष्करी इस्पितळात काविळीनं गेले. ‘ते लढाईत गेले नाहीत’ म्हणून त्यांचं नाव गाळलंय. पेन्शन घेऊन आलेल्यांचा तर विषयच नाही. हे योग्य आहे का?
– एक वाचक भगिनी

सुभेदारांचं उत्तर : नाही, ताई. वडिलांचं नाव यायलाच हवं, आणि त्यासाठी कुणाच्या विनवण्या नकोत, जुनं उदाहरण दाखवा. पहिल्या महायुद्धातल्या मृतांची नोंद ठेवणारं कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशन ४ ऑगस्ट १९१४ ते ३१ ऑगस्ट १९२१ या काळात जो नोकरीत असताना गेला, त्याला धरतं. गोळीनं गेला की हगवणीनं, हे विचारत नाही. विचारलं असतं तर इराकमधल्या कुत शहराच्या वेढ्यात आणि पुढं तुर्कांच्या कैदेत उपासमारीनं, तापानं गेलेले आपल्या मराठा पलटणींतले जवान यादीबाहेरच राहिले असते.

आता पेन्शनीवाले. त्या युद्धानंतर इंग्रजांनी कितीतरी गावांत संगमरवरी पाट्या बसवल्या : या गावातून इतके युद्धावर गेले, पैकी इतक्यांनी प्राण दिले. गेलेले आणि मेलेले दोन्ही मोजले, पण नाव एकाचंही नाही. आपल्या साताऱ्यातल्या अपशिंगे मिलिटरी या गावानं त्या युद्धात ४६ माणसं गमावली, हा आकडा आमच्याकडं पोराटोरांना पाठ. त्यातली चार नावं सांगा म्हटलं की आम्ही पेन्शनरसुद्धा गप्प! इराकमधल्याच बसऱ्याच्या स्मारकावर गोऱ्या शिपायांची नावं कोरली, आपल्या शिपायांचा मात्र पलटणीखाली नुसता आकडा. अशा भेदभावाबद्दल कमिशननं २०२१ साली माफी मागितली. शंभर वर्षांनी! तुमच्या समितीनं तरी नावं गाळू नयेत.

माझं मत विचाराल तर दोन शिळा कराव्यात. एकीवर नोकरीत असताना गेलेले, मग ते कशानंही गेलेले असोत. दुसरीवर नोकरी करून घरी आलेले सगळे, आणि खाली भरपूर मोकळी जागा, कारण भरती काही थांबलेली नाही. नावं भरतीच्या सालानं लावा, हुद्द्यानं नको. (मी सुभेदार असून सांगतोय.) उद्घाटनाला येणाऱ्या पुढाऱ्याचं नाव मागच्या अंगाला, बारीक अक्षरात.

दगडाची ऑर्डर शेवटी. आधी डिस्चार्ज बुकं (नोकरी सुटताना लष्कर देतं ती) गोळा करा, यादी करा, ती महिनाभर ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लावा आणि हरकती घ्या. दगडावरची चूक खोडरबरानं जात नाही. अक्षरं खोल कोरून घ्या. नुसता रंग उन्हापावसात उडतो.

वडिलांसाठी तुमच्या आईच्या कौटुंबिक पेन्शनचा कागद शोधा आणि साताऱ्याच्या जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात जा. ते मराठा पलटणीत असतील तर बेळगावच्या रेकॉर्ड ऑफिसला लिहा, नाहीतर ज्या रेजिमेंटमध्ये होते तिच्या. अर्जात आर्मी नंबर घालाच. नुसत्या नावावर शोधायला गेलं तर एकेका नावाचे ढीगभर जाधव आणि शिंदे निघतात.