तेलुगू शिकायचंय ना, मग मराठीतूनच शीक

मित्रा,

काल फोनवर म्हणालास की सोलापूरच्या कारखान्यात सगळ्या बायका आपसात तेलुगूत बोलतात आणि मी नुसता बघत बसतो, तेव्हाच ठरवलं की तुला नीट लिहायचं.

घाबरू नको बे. तू ॲपवर इंग्लिशमधून तेलुगू शिकायला बसलायस ना, तिथंच गडबड आहे. सरळ मराठीतून जा. 'नाकु तेलुगु रादु', नाकु म्हणजे मला, रादु म्हणजे येत नाही, शब्दाला शब्द जुळतो, भाषा त्यांनाही 'येते'च. आपलं 'आपण' आणि 'आम्ही' वेगळं, तसं त्यांचं 'मनम्' आणि 'मेमु', हिंदीत दोन्हीला 'हम'च. माणसं मोजताना आपण दोघं तिघं चौघं म्हणतो तर ते इद्दरु, मुग्गुरु, नलुगुरु. 'चाला' म्हणजे खूप, त्यातला च चमच्यातला, तो तर तुझ्या जिभेवर आहेच.

मी नवीन होतो तेव्हा टॉवेलच्या कारखान्यात हिशेब लिहायचो. घड्या घालणाऱ्या एका मावशींची मुलगी डबा घेऊन आली, मी मोठ्या उत्साहानं म्हणालो 'मी अम्मायि वच्चाडु', म्हणजे 'तुमची मुलगी आला' (तेलुगूत 'मी' म्हणजे तुमची). मावशींनी हातातला टॉवेल खाली ठेवला, 'वच्चाडु कादु, वच्चिंदि', आणि तीनदा म्हणवून घेतलं तेव्हाच परत टॉवेल उचलला. पोरगा आला तर वच्चाडु, पोरगी आली काय नि बस आली काय, वच्चिंदि. मोठं माणूस असलं की बाई असो पुरुष असो, वच्चारु. हे मी परत कधी चुकलो नाही.

आणि कुणी 'रंडि' म्हणालं तर दचकू नको, ती शिवी नाही, 'रा' म्हणजे ये, त्याला आदराचा 'अंडि' लागून झालेलं 'या' आहे. तूही मोठ्यांना नुसतं 'रा' म्हणू नको.

अजून एक, टीव्हीवरच्या बातम्यांशी ताडून बघू नको. इथली पद्मशाली, म्हणजे विणकर समाजाची, घरं विणकामासाठी तेलंगणातून पिढ्यांपूर्वी आली, त्यांच्या बोलण्यात तिकडचा हेल आहे आणि मराठी शब्दही मिसळलेत, तुला हीच बोली पाहिजे. नारळी पौर्णिमेला त्यांच्या मार्कंडेय ऋषींचा रथ निघतो तेव्हा पूर्व भागात जाऊन नुसता कान देऊन उभा राहा, खूप ऐकायला मिळतं.

उद्या जेवणाच्या सुट्टीत शेजारच्या मावशींना 'तिन्नारा?' विचार, म्हणजे जेवलात का. त्या जे काय बोलतील त्यातलं एक वाक्य लक्षात ठेव आणि रात्री मला फोन करून सांग.