तुमचे प्रश्न: खोटं बोलणारे आणि खोटं पकडणारे

मागच्या अंकात 'अमंग अस'वर लिहिलं होतं, म्हणजे तो ऑनलाइन गेम, ज्यात बहुतेक जण 'क्रूमेट' असतात आणि यानातल्या ॲडमिन, मेडबे अशा खोल्यांत आपापले टास्क करतात, त्यांच्यात लपलेले मूठभर 'इम्पोस्टर' त्यांना मारतात, आणि बॉडी सापडली की मीटिंगमध्ये व्होट देऊन एकाला बाहेर काढतात. त्यावर बरेच प्रश्न आले, त्यातले जे सारखेसारखे येत होते ते आधी घेतलेत.

प्रश्न: दादा, मी क्रूमेट असलो तरी दर दोन गेमला मलाच बाहेर काढतात. मी मुळात कमी बोलतो, मीटिंगमध्ये सगळे एकदम टाईप करायला लागले की मला सुचतच नाही, मग कुणीतरी म्हणतं 'हा गप्प आहे, सस आहे' (म्हणजे संशयास्पद) आणि संपलं. काय करू?

उत्तर: गप्प माणसाला व्होट देणं हा या गेममधला सगळ्यात आळशी व्होट आहे आणि मला त्याचा मनापासून राग येतो, कारण त्यात कुणी काही बघितलेलं नसतं, फक्त लवकर मोकळं व्हायचं असतं. आणि मी बघितलेले बरेचसे चांगले इम्पोस्टर अजिबात गप्प नसतात, उलट तेच मीटिंग चालवत असतात.

पण दुसरी बाजू पण समजून घे. या गेमची सगळी गंमत एका गोष्टीवर उभी आहे, इम्पोस्टर मूठभर असतात पण त्यांना सगळं माहीत असतं, आणि क्रूमेट जास्त असतात पण आंधळे असतात. आपला आकडा मोठा आहे हीच आपली ताकद, आणि ती तेव्हाच कामाला येते जेव्हा प्रत्येकाने बघितलेला एकेक तुकडा टेबलावर येतो. तू जे बघितलंस आणि पोटात ठेवलंस ते तू इम्पोस्टरला फुकट दिलंस असं समज.

म्हणून मीटिंग सुरू झाली रे झाली की पहिलं वाक्य तूच टाक. कोण इम्पोस्टर वगैरे काही म्हणायची गरज नाही, फक्त कुठे होतास, कोण दिसलं, शेवटचं कुठल्या दिशेला गेलं. 'मी ॲडमिनमध्ये वायरिंग करत होतो, हिरवा समोरून स्टोरेजकडे गेला.' बास. हे वाक्य बॉडी सापडायच्या आधीच मनात तयार ठेवायचं, म्हणजे चालताना दर थोड्या वेळाने स्वतःला विचारायचं की आत्ता मीटिंग लागली तर मी काय सांगेन. सुरुवातीला जड जातं, मग सवय होते. मी पण असाच गप्प होतो आणि मला याच सवयीने वाचवलं.

आणि स्वतःचा पुरावा कुठे मिळतो ते पाठ कर. सेटिंगमध्ये व्हिज्युअल टास्क, म्हणजे करताना बाकीच्यांना दिसतात ते, चालू असतील तर मेडबेचा स्कॅन कुणाच्यातरी समोर कर, तो इम्पोस्टरला करताच येत नाही. कार्ड स्वाइप हा कॉमन टास्क आहे, म्हणजे असला तर सगळ्या क्रूमेटना असतो आणि नसला तर कुणालाच नसतो, त्यामुळे तुझ्या यादीत नसताना कुणी 'मी स्वाइप करत होतो' म्हणाला तर तिथेच पकड त्याला. टास्क बार, म्हणजे सगळ्यांचे मिळून किती टास्क झाले ते दाखवणारी पट्टी, सतत दिसत असेल तर त्यावर पण नजर ठेव, एखादा छोटा टास्क करायचं नाटक करून निघून गेला आणि बार हललाच नाही तर मीटिंगमध्ये सांग. मोठ्या टास्कला मात्र घाई करू नकोस, ते दोनतीन टप्प्यांत होतात आणि शेवटच्या टप्प्यालाच बार पुढे जातो, यावरून निर्दोष लोक बाहेर गेलेले मी बघितलेत.

प्रश्न: मला उलटा त्रास आहे. मी इम्पोस्टर झाले की हात थरथरतात आणि दोन वाक्यांत सापडते. खोटं बोलायला कसं शिकायचं?

उत्तर: खोटं बोलायला शिकू नकोस, कमी बोलायला शीक, म्हणजे कमी खोटं. नव्या इम्पोस्टरला वाटतं की आपण पूर्ण कहाणी रचली पाहिजे, आणि तिथेच तो मरतो.

माझंच सांगतो. मी इलेक्ट्रिकलमध्ये किल केला, वेंटमधून, म्हणजे इम्पोस्टरच्या चोरवाटेने, मेडबेत निघालो, दार ओलांडताना गुलाबीने मला बघितलं. इथपर्यंत सगळं झकास होतं, कारण मी मेडबेत होतो हे खरंच होतं आणि साक्षीदार पण होती. मीटिंगमध्ये 'मी मेडबेत होतो' एवढं म्हणून थांबायचं ना, पण नाही, मी पुढे जोडलं, 'स्कॅन करत होतो'. गुलाबी लगेच म्हणाली, मी स्कॅनसाठीच आत आले होते, स्कॅनर रिकामा होता, तू त्याच्याकडे गेलापण नाहीस. सात व्होट, मी बाहेर. मला मारलं ते त्या तीन शब्दांनी, आधीचं वाक्य पुरेसं होतं.

तेव्हापासून माझा नियम एकच, जिथे खरंच होतो तिथलं खरं सांगायचं आणि फक्त तो एक क्षण गाळायचा. त्यासाठी किलच्या आधीची दोन मिनिटं खरोखर क्रूमेटसारखी घालवावी लागतात, कुणाच्या तरी बरोबर चालायचं, कुणाच्या तरी नजरेत राहायचं. सॅबोटाज, म्हणजे लाईट वगैरे बिघडवणं, पण त्यासाठीच असतो. लाईट गेले की क्रूमेटना दोन पावलांपुढचं दिसत नाही, तुला मात्र पूर्ण दिसतं, आणि सगळे इलेक्ट्रिकलला धावतात तेव्हा गर्दीत कोण कुठे होतं हे कुणालाच नीट आठवत नाही. आणि पार्टनरवर आरोप आला तर उगाच वकिली करू नकोस. तो वाचत नसेल तर तू पण त्याला व्होट दे, पुढचे दोन राउंड तुझ्यावर कुणी बोट ठेवणार नाही. मनाला लागतं थोडं पण तोही हेच करेल.

तुझी घालमेल नवी नाही बरं का. हा सगळा प्रकार निघाला १९८६ मध्ये, मॉस्को स्टेट युनिव्हर्सिटीत मानसशास्त्र शिकणाऱ्या दिमित्री डेव्हिडॉव्हच्या 'माफिया' खेळातून, तेव्हा ना स्क्रीन ना वेंट, नुसती गोल बसलेली माणसं, आणि १९९७ मध्ये अँड्र्यू प्लॉटकिनने त्यात माफियाच्या जागी लांडगे आणले. 'अमंग अस' आला २०१८ ला आणि गाजला २०२० मध्ये. समोरासमोर बसून चेहरा लपवण्यापेक्षा रंगीत पात्रामागे लपणं कितीतरी सोपं आहे, त्यामुळे थरथरू दे हात, ते कुणाला दिसत नाहीयेत.

प्रश्न: आमच्या ग्रुपमध्ये कायम भांडण, खात्री नसेल तर स्किप करावं, म्हणजे कुणालाच बाहेर काढू नये, की संशयावर व्होट द्यावा? तुमचं मत सांगा.

उत्तर: तुम्ही मत विचारताय पण हे बरंचसं गणित आहे. इम्पोस्टर आणि क्रूमेट समान झाले की गेम संपतो, एवढं धरून मोजा. पाच जण उरलेत आणि त्यात दोन इम्पोस्टर, म्हणजे तीन विरुद्ध दोन. इथे स्किप केलं तर एका किलमध्ये दोनास दोन, खलास. त्यामुळे इथे व्होट द्यावाच लागतो, खात्री असो नसो. तीन जणांत एक इम्पोस्टर असेल तरी तेच.

आता चार जण, एक इम्पोस्टर. चुकीचा व्होट गेला तर दोन विरुद्ध एक, वर एक किल, हरलात. स्किप केलं तर एक किल होईल आणि तिघांची एक मीटिंग मिळेल, आणि मधल्या वेळात कोण कुणाच्या मागे लागलं हे पण कळेल. म्हणजे दोन्हीकडे संधी एकच, पण स्किप केलं तर ती जास्त माहितीनिशी मिळते. सात जण आणि दोन इम्पोस्टर असताना पण मी स्किपच म्हणेन, कारण चुकून एक निर्दोष गेला आणि पुढच्या फेरीत दोघांनी एकाच वेळी किल केला की चारास दोनवरून थेट दोनास दोन होतं. म्हणून आधी डोकी मोजा, मग भांडा. आणि टास्क संपत आले असतील तर स्किप करून टास्क पूर्ण करा, तो पण जिंकण्याचा रस्ताच आहे, मेलेल्यांनी पण भूत होऊन आपले टास्क संपवायचे, गेम सोडून जायचं नाही, ही माझी हात जोडून विनंती आहे.

मूठभर लोक किती भारी पडतात याचं एक उदाहरण देतो. २००८ मध्ये 'माफिया'वर एक गणिती पेपर आला होता, त्यात दाखवलंय की डिटेक्टिव्ह, म्हणजे कोण माफिया आहे ते तपासू शकणारा खेळाडू, नसेल तर माफियांची संख्या एकूण खेळाडूंच्या वर्गमुळाच्या आसपासच्या प्रमाणात असली तरी दोन्ही बाजूंना जिंकायची बऱ्यापैकी संधी राहते, आणि डिटेक्टिव्ह आला की माफियांना टिकायला त्यापेक्षा खूप जास्त माणसं लागतात. खात्रीची माहिती असलेला एक माणूस एवढा फरक करतो.

प्रश्न: 'टाउन ऑफ सेलम' या अशाच दुसऱ्या गेममध्ये जेस्टर कसा ओळखायचा?

उत्तर: जेस्टरला फासावर जायचंच असतं, तोच त्याचा विजय, आणि गेल्यावर त्याला दोषी ठरवणाऱ्यांपैकी एकाला घेऊन जातो. त्यामुळे कुणी फारच उघडपणे संशयास्पद वागायला लागला तर घाईने फाशी देऊ नका, जेलर, म्हणजे रात्री एकाला कोंडून मारू शकणारा खेळाडू, जिवंत असेल तर त्याच्यावर सोडा, रात्री जेलरने मारलं तर जेस्टर जिंकत नाही. 'गूस गूस डक'मधला डोडो पण याच जातीचा.

प्रश्न: दादा, गेममध्ये मी ताईला सरळ विचारलं, तू आहेस का? ती म्हणाली आईशप्पथ नाही. मी तिच्या बाजूने सगळ्यांशी भांडले आणि शेवटी तीच निघाली. सगळे हसले. चार दिवस झाले, आम्ही नीट बोललो नाही. मी जास्तच मनावर घेतेय का?

उत्तर: नाही घेत आहेस. तिने खोटं बोलणं हे तिचं कामच होतं, तिचा रोलच तो होता, आणि तू तिच्यासाठी भांडलीस म्हणजे तिने तो उत्तम केला. पण आईशप्पथ हा गेमच्या बाहेरचा शब्द आहे. तो तिने गेमच्या आत आणला आणि तुला दुखलं ते तिथे, हरलीस म्हणून नाही.

आमच्या ग्रुपमध्ये असंच झालं होतं आणि तेव्हापासून नियम आहे, शपथ घ्यायची नाही, 'आपल्या मैत्रीखातर सांग' म्हणायचं नाही, खरा फोन स्क्रीन दाखवायचा नाही. कारण एकदा शपथ चालू झाली की दोनच गोष्टी होतात, एकतर कुणी खोटी शपथ घेतं आणि घरात अबोला होतो, नाहीतर कुणीच खोटी घेत नाही आणि मग जो शपथ घ्यायला नकार देतो तोच इम्पोस्टर, गेम तिथेच संपतो. 'तू आहेस का' असं तू नात्याने विचारलंस तेव्हा तू पण थोडी गेमबाहेर गेलीस, ते पण बघ, तिलाही पळायला जागा नव्हती.

ताईला हेच सांग, की खोटं बोललीस याचा राग नाही, शपथेचा आहे. आणि पुढचा गेम लावायच्या आधी नियम सगळ्यांसमोर तिलाच सांगू दे.