उडी नंतर, आधी पडायला शीक

तू व्हीलचेअरवरून उड्या मारणाऱ्या ॲरन फॉदरिंगहॅमची बॅकफ्लिप, म्हणजे हवेतली मागची कोलांटी, पाहिलीस आणि लगेच रॅम्प शोधायला लागलास. अरे, तो आठव्या वर्षी स्केटपार्कात उतरला आणि त्याची ती पहिली बॅकफ्लिप २००६ मध्ये, चौदाव्या वर्षी जमली. मधली सगळी वर्षं पडण्यात गेली. २०१६ च्या रिओ पॅरालिम्पिकच्या उद्घाटनाला त्याने मारलेली उडी मी अजूनही पुन्हा पुन्हा बघतो.

दादरला पहाटे गर्दी नसते तेव्हा ये. आधी खुर्चीच्या मागच्या दोन चाकांवर तोल धरून दहा मीटर जा. मग गादीवर मुद्दाम पड: हनुवटी छातीला, हात आत. हात टेकवून स्वतःला सावरू नकोस, मनगट जातं. माझं गेलं होतं, तीन महिने खुर्चीही ढकलता येत नव्हती.

हेल्मेट आणि कमरेचा पट्टा नसेल तर मी तुला शिकवणार नाही. रोजच्या खुर्चीवर उड्या नकोत, फ्रेमला तडा जातो. आपल्या खाऱ्या हवेत बेअरिंगही लवकर गंजतात, दर आठवड्याला पुसून तेल दे.

आणि पायांना संवेदना नसेल तर रोज रात्री आरशात कातडी बघ. लाल डाग राहिला, तर सराव बंद.