मेइको काजी: सूडपट संपले, बाई कुठेच गेल्या नव्हत्या

प्रश्न थोडक्यात असा: टॅरंटिनोच्या ‘किल बिल’मुळे मेइको काजी या जपानी अभिनेत्रीचं नाव कळलं, मग तिचे सूडपट शोधून पाहिले. पण १९७४ नंतर ती गायबच होते आणि एकदम उतारवयात टीव्हीवर कुणाची तरी आई म्हणून दिसते. मधल्या काळात तिने मारधाडीच्या सिनेमांचा शिक्का पुसला कसा?

तिला काही पुसावं लागलं नाही. नुसत्या तारखा बघा. ‘शुरायुकिहिमे’, म्हणजे आपण ‘लेडी स्नोब्लड’ म्हणून ओळखतो तो, १ डिसेंबर १९७३ ला तोहो स्टुडिओने लावला. त्याच महिन्याच्या २९ तारखेला तोएई या दुसऱ्या स्टुडिओच्या ‘सासोरी’ चित्रपटमालिकेतला तिचा चौथा आणि शेवटचा सिनेमा आला. आणि १६ जानेवारी १९७४ ला टीबीएस वाहिनीवर ‘तेराउची कान्तारो इक्का’ ही कौटुंबिक मालिका सुरू झाली, तिच्यात काजी घरातली थोरली मुलगी! सात आठवड्यांत तीन वेगवेगळ्या कंपन्या, आणि तिसरी तर थेट दिवाणखान्यात. ‘आधी बी ग्रेड, मग मुख्य प्रवाह’ असा सरळ जिना या कारकिर्दीत कुठेच नाही.

हे आणखी काही वर्षं आधी जमलं नसतं. जपानी स्टुडिओंचा आपसात करार होता: आमचा नट तुम्ही घ्यायचा नाही, तुमचा आम्ही घेणार नाही. कंपनीशी भांडण झालं की नट घरी बसायचा. पण टीव्ही आला आणि थिएटरं ओस पडायला लागली. १९५८ साली जपानात ११२ कोटींहून जास्त तिकिटं विकली गेली होती, १९७२ पर्यंत तो आकडा २० कोटींच्याही खाली गेला. १९७१ च्या अखेरीस दाएई कंपनीचं दिवाळं वाजलं, करार कागदावरही उरला नाही. त्याच सुमारास काजीच्या निक्कात्सु स्टुडिओने तग धरण्यासाठी ‘रोमान पोर्नो’ नावाचे कामुक सिनेमे काढायला सुरुवात केली आणि काजी तिथून बाहेर पडली. सिनेमाधंदा बुडत होता म्हणून ती मोकळी झाली, असं म्हटलं तर वावगं ठरू नये.

निक्कात्सुतली तिची सुरुवात अगदी साधी. १९४७ चा जन्म, तोक्योच्या कान्दा भागातली मुलगी. १९६५ मध्ये मासाको ओता या खऱ्या नावाने पडद्यावर आली आणि चार वर्षं दुय्यम भूमिकांत राहिली. १९६९ मध्ये मासाहिरो माकिनो या जुन्या, मुरलेल्या दिग्दर्शकाने तिला मेइको काजी हे नाव दिलं. १९७०-७१ मधल्या ‘नोरानेको रॉक’ मालिकेत (भटक्या मांजरी) ती टोळीतली पोरगी म्हणून लोकांच्या नजरेत भरली. पहिल्या भागाची नायिका खरं तर गायिका आकिको वादा होती. पण पाचही भाग ओळीने पाहिलेत तर मालिका हळूहळू काजीकडे कशी सरकत गेली ते कळतं.

आता ‘सासोरी’, म्हणजे विंचू: तुरुंगातल्या बाईच्या सूडाची मालिका. १९७२ मधला पहिला भाग हा शुन्या इतोचा दिग्दर्शक म्हणून पहिलाच सिनेमा. मूळ मांगातली, म्हणजे जपानी चित्रकथेतली, नायिका शिवराळ. काजीने मुलाखतींतून सांगितलंय की या बाईने जवळजवळ बोलूच नये ही सूचना तिची होती. नायिकेच्या तोंडचे संवाद काढून टाकायचे म्हणजे कुठल्याही निर्मात्याच्या पोटात गोळा यावा! पण दुसऱ्या भागात तर तिची वाक्यं हाताच्या बोटांवर मोजता येतील. पहिल्या भागाची सुरुवात आठवा: तुरुंगाधिकाऱ्याचा सत्कार, झेंडा, राष्ट्रगीत, आणि मध्येच कैदी पळाल्याचा भोंगा. पुढे ज्या पोलिसावर तिचं प्रेम आहे त्याने दगा दिल्याचा प्रसंग येतो. पांढऱ्या चादरीवर रक्ताचा लाल गोल उमटतो, हुबेहूब जपानचा झेंडा. दिग्दर्शक इतका आरडाओरडा करत असताना मधोमध ही बाई नुसती बघत राहते. केसांची बट एका डोळ्यावर, दुसरा डोळा समोरच्यावर रोखलेला, पापणी लवत नाही. काळी रुंद कडांची टोपी आणि लांब काळा कोट लोकांना आठवतो, मला विचाराल तर खरं काम त्या डोळ्याचं आहे. चार भागांनंतर तिने ही मालिका सोडली. तोएईने पुढे १९७६ आणि १९७७ मध्ये दुसऱ्या नट्या घेऊन तेच दुकान पुन्हा मांडून पाहिलं. टोपी होती, कोट होता, ती मजा नव्हती.

म्हणून ‘तेराउची’ जरूर पाहा, निदान काही भाग तरी. कुनिको मुकोदाचं लेखन. दगड घडवणाऱ्या कारागिराचं घर, बाप शीघ्रकोपी, रोज जेवणाच्या वेळी हाणामारी. आजी झालेली किकी किरिन (तेव्हाचं नाव चिहो युकी) त्या वेळी तिशीतच होती, हे तर वेगळंच प्रकरण. या गदारोळात काजीची शिझुए शांत. लहानपणी बापाच्या कामाच्या जागी झालेल्या अपघातात तिचा पाय अधू झालाय, त्या अपराधाचं ओझं बापाच्या मनावर आहे आणि ती ते बोलून दाखवत नाही. तीच गप्प बाई, तोच संयम. फक्त विंचवाच्या गप्प राहण्याची भीती वाटायची आणि शिझुएच्या गप्प राहण्याने जीव तुटतो. दिवाणखान्यातल्या प्रेक्षकांना तिची जी गोष्ट भावली ती ती तुरुंगपटातूनच घेऊन आली होती.

दिग्दर्शक फुकासाकूबरोबरच्या याकुझापटांवर (जपानी गुंडटोळ्यांचे सिनेमे) इथे फार लिहीत नाही. ‘जिंगी नाकी ताताकाई’च्या दुसऱ्या भागातली (१९७३) युद्धविधवा आणि १९७६ च्या ‘याकुझा नो हाकाबा’तली अर्धी कोरियन बाई या दोन्ही भूमिका नायकाच्या सावलीतल्या आहेत, पण वाया गेलेल्या नाहीत.

गप्प राहणं हीच तिची ताकद, या माझ्या वरच्या म्हणण्याला सुरुंग लावणारा सिनेमा १९७८ चा: यासुझो मासुमुराचा ‘सोनेझाकी शिंजू’. जुना नाटककार चिकामात्सू याचं १७०३ मधलं बाहुलीनाट्य, ओसाकातली गणिका ओहात्सु आणि सोया सॉसच्या दुकानातला नोकर तोकुबेई, दोघांची सहआत्महत्या. आर्ट थिएटर गिल्ड या प्रायोगिक सिनेमे काढणाऱ्या कंपनीचा सिनेमा, म्हणजे पैशांची चणचण ठरलेली. नायक म्हणून रॉक गायक र्युदो उझाकी. आणि इथे काजी बोलते! मासुमुराची पात्रं एकमेकांवर वाक्यं फेकतात, श्वास घ्यायला उसंत नाही. ओहात्सु मरणाबद्दल असं बोलते जणू लग्नाची तिथी ठरवतेय. पण सगळ्यात मोठा क्षण पुन्हा मुका आहे. तोकुबेई ओसरीखाली लपलाय, वर त्याला फसवणारा मित्र बसून त्याची नालस्ती करतोय. ओहात्सु वर बसल्या बसल्या पायाने खाली लपलेल्याला विचारते, मरायची तयारी आहे का? तो तिचं पाऊल हातात घेऊन आपल्या गळ्यावरून फिरवतो. प्रसंग मुळात चिकामात्सूचाच, पण वर चेहरा एक बोलतोय आणि खाली पाऊल दुसरंच, हे काजीने ज्या थंडपणे केलंय ते पाहताना अंगावर काटा येतो. त्या वर्षीचे किनेमा जुम्पो, माइनिची, ब्लू रिबन आणि होची हे चारही पुरस्कार सर्वोत्कृष्ट अभिनेत्री म्हणून तिलाच मिळाले. ‘गायब झाली’ म्हणतात ती ही चार वर्षं.

मग १९८९. फुजी टीव्हीची ‘ओनिहेई हांकाचो’, लेखक शोतारो इकेनामीच्या एदोकालीन (सामुराईंच्या जमान्यातल्या) कथांवरची. मुख्य भूमिकेत काबुकी या पारंपरिक रंगभूमीवरचा नट किचिएमोन नाकामुरा, काजी त्यात ओमासा. ओमासा चोराची मुलगी, स्वतःही चोऱ्या केलेली, आता अधिकारी हेइझोची खबरी. तरुणपणापासून हेइझोवर जीव आहे, पण तो शब्द ओठांवर येत नाही. पुढे ती दुसऱ्याच एका खबऱ्याशी लग्न करते. मालिका आणि नंतरचे विशेष भाग मिळून हे २०१६ पर्यंत चाललं. सत्तावीस वर्षं! जपानमधल्या घरोघरच्या आज्यांना विचारलंत तर त्यांच्यासाठी काजी म्हणजे ओमासा. आपल्याकडे ती कुठे पोहोचलीच नाही, कारण आपल्याला ती टॅरंटिनोने दाखवली. त्याने ‘शुरा नो हाना’ आणि ‘उरामी बुशी’ ही तिची गाणी २००३-०४ मध्ये वापरली आणि बाहेरच्या जगासाठी तिचं घड्याळ १९७३ वर थांबवून ठेवलं. उपकारही त्याचे आणि घोळही त्याचाच.

तुम्ही पाहिलेली आई बहुधा ‘किनो नानी ताबेता?’ मधली असणार, २०१९ ची मालिका. समलिंगी वकील शिरोची आई, हिसाए. मुलाला आपण समजून घेतोय हे दाखवण्याची तिला इतकी घाई असते की प्रत्येक वाक्य चुकीच्या जागी जाऊन लागतं. प्रेमळ, बोलघेवडी आणि मुलाची पंचाईत करणारी. २०२१ च्या चित्रपटात हीच आई त्याला सांगते की नववर्षाला जोडीदाराला घरी आणू नकोस. दुष्टपणाचा लवलेश नाही, नुसती न झेपण्याची कबुली, आणि म्हणूनच जास्त झोंबते. १९७८ नंतरचं काही पाहायचं असेल तर ‘ओनिहेई’च्या दीडशेच्या आसपास भागांत हात घालण्याआधी हा चित्रपट उरका. दोन तासांत काम होतं, आणि आधीची मालिका पाहिली असेल तर तो नववर्षाचा प्रसंग जास्त लागतो.