पर्वताची उंची मोजतात कशी, आणि एकाच शिखराचे वेगवेगळे आकडे का दिसतात?

एव्हरेस्टचंच उदाहरण घेतो, कारण ते शिखर वारंवार मोजलं गेलं आहे.

खरी डोकेदुखी माथ्याची नसते, शून्य कुठे धरायचं याची असते. उंची समुद्रसपाटीपासून सांगतात, पण एव्हरेस्टखाली समुद्र कुठे आहे? तो असता तर पाणी कुठवर आलं असतं, हे गुरुत्वाकर्षणाच्या मोजणीवरून काढावं लागतं. या कल्पित पातळीला जिऑइड म्हणतात. उपग्रहावरून मिळणारी उंची मात्र एलिप्सॉइडपासून, म्हणजे पृथ्वीच्या गुळगुळीत गणिती आकारापासून असते. एव्हरेस्टपाशी जिऑइड या एलिप्सॉइडच्या २५-३० मीटर खाली आहे. त्यामुळे शिखरावरच्या जीपीएस रिसीव्हरचा कच्चा आकडा ८,८२० मीटरच्या आसपास येतो आणि हा फरक त्यात मिळवावा लागतो. जिऑइड चुकला तर रिसीव्हर कितीही महागडा असो, उत्तर चुकणारच.

उपग्रहांच्या आधी थिओडोलाइटने कोन मोजत. १८५६ साली जाहीर झालेली २९,००२ फूट (सुमारे ८,८४० मीटर) ही उंची तराईच्या मैदानातून, दीडशे किलोमीटरहून जास्त अंतरावरून काढलेली होती. अंतर १७५ किलोमीटर धरलं, तर केवळ पृथ्वीच्या गोलाईमुळे शिखर सुमारे २.४ किलोमीटर खाली गेलेलं दिसतं. कोनात एका सेकंदाची (अंशाच्या ३,६०० व्या भागाची) चूक झाली की उंचीत ८५ सेंटिमीटरचा फरक पडतो. त्यात हवेच्या थरांतून येताना प्रकाश वाकतो, शिखर आहे त्याहून उंच भासतं, आणि हे वाकणं तापमानाप्रमाणे बदलतं. शिवाय पर्वताचं प्रचंड वस्तुमान ओळंबा आपल्याकडे ओढतं, म्हणजे ज्याच्या आधारे यंत्र समतल करायचं तोच किंचित कललेला! एवढं असूनही तो आकडा आजच्यापेक्षा फक्त नऊएक मीटरने कमी होता. मला तरी हे थक्क करणारं वाटतं.

दुसरा घोळ बर्फाचा. चीनने २००५ मध्ये दिलेली ८,८४४.४३ मीटर ही खडकाची उंची आहे. वरचा बर्फ त्यात नाही. नेपाळ आणि चीनने डिसेंबर २०२० मध्ये मिळून जाहीर केलेली ८,८४८.८६ मीटर ही बर्फासकट आहे. दोन शिखरांची तुलना करताना दोन्ही आकडे एकाच प्रकारचे आहेत ना, हे आधी पाहा.

शून्य पृथ्वीच्या केंद्रात धरलं तर मात्र एक्वाडोरमधला चिंबोराझो एव्हरेस्टला सुमारे २ किलोमीटरने मागे टाकतो, कारण पृथ्वी विषुववृत्तापाशी फुगलेली आहे.

मोबाइल किंवा घड्याळावरची उंची चुकते ती बहुधा दोन कारणांनी. काही ॲप एलिप्सॉइडचीच उंची दाखवतात. सेटिंगमध्ये समुद्रसपाटीचा पर्याय असेल तर तो निवडा. हवेच्या दाबावरून उंची काढणारा बॅरोमीटर असेल तर हवामान फसवतं: दाब १ हेक्टोपास्कलने उतरला की समुद्रसपाटीजवळ सुमारे ८ मीटर आणि ५,००० मीटरवर सुमारे १४ मीटर उंची उगाच वाढलेली दिसते. रात्रीत वादळ आलं तर सकाळी तंबू जागचा न हलता शंभरेक मीटर वर चढलेला असतो. नकाशात उंची दिलेली खिंड किंवा तळ लागला की तिथे आकडा जुळवून घ्या, आणि हवा बदलली की पुन्हा जुळवा.