दिवा पेटतो, तरी बर्फाचं घर का टिकतं?

प्रश्न : आमच्या माळवदाच्या घरात जाड मातीच्या भिंतींमुळे उन्हाळ्यातही गारवा असतो. उत्तर ध्रुवाजवळचे इनुइट लोक मात्र बर्फाच्या घरात दिवा लावून राहत. मग घर वितळत कसं नसे? आणि तान्ही बाळं कशी तगत?
— एक वाचक, जिंतूर (जि. परभणी)

उत्तर : तुमची भिंत ऊन बाहेर अडवते, त्यांची ऊब आत धरून ठेवते. त्यासाठी काचेसारखा टणक बर्फ चालत नाही. वाऱ्यानं दाबून घट्ट बसलेलं हिम लागतं, कारण त्यात हवा अडकलेली असते. तेही एकाच वादळात साचलेलं हवं. थरावर थर असतील तर कापलेला चिरा, म्हणजे हिमाचा ठोकळा, उचलतानाच दुभंगतो. चिरे साधारण 60 ते 90 सेंटीमीटर लांब, 15 ते 20 जाड. पहिल्या फेरीचा माथा उतरता तासतात, म्हणजे पुढचे चिरे गोल चढत, आत कलत जातात. फटींत भुसभुशीत हिम दाबायचं काम बहुधा बायका-पोरांचं.

निजायचा ओटा दारापेक्षा उंच असतो, त्यामुळे थंड हवा खालीच राहते. बाहेर उणे 40 असताना ओट्याजवळ शून्याच्या आसपास किंवा थोडं वर तापमान मिळतं. दिव्यानं आतला पृष्ठभाग किंचित वितळतो, पाणी हिमातच मुरतं आणि पुन्हा गोठतं. घुमट नीट गोलाकार नसेल तर मात्र ते ठिबकतं. दिवा फार मोठा ठेवला तर भिंतीचाच टणक बर्फ होतो आणि ऊब निसटते. हवा जायला माथ्यावर ठेवलेलं भोक बुजलं तर विषारी वायू साठून जीव जातो, त्यात हयगय नाही.

दिवा म्हणजे मऊ दगडाची अर्धचंद्राकृती परात, तिला कुल्लिक म्हणतात. चरबी कुटून तेल सोडवतात. शेवाळ्याची किंवा गवताच्या कापसाची वात सरळ काठावर पातळ पसरतात. वात जाड झाली की काजळी धरते, म्हणून घरची बाई काडीनं ती सतत सारखी करत असे. घराची सगळी मदार या कामावर होती.

बाळ टोपीत ठेवतात, हा समज चुकीचा. अमाउती या अंगरख्याला पाठीवर झोळ असतो. बाळ त्यात आईच्या अंगाला लागून बसतं, आणि खाली घसरू नये म्हणून कमरेला पट्टा आवळतात. कॅरिबू या रेनडिअर जातीच्या हरणाच्या कातड्याचे दोन थर घालतात: आतल्याचे केस अंगाकडे, बाहेरच्याचे बाहेर. आत शिरण्याआधी कपड्यांवरचं हिम काठीनं झोडपून काढायचं. राहिलं तर ते आत वितळून केस भिजवतं आणि पुढच्या वेळी बाहेर पडताच कपडा गोठतो.